नावाड्याने भाडं वाढवलं नव्हतं

२ मार्च
न्हाव्याकडे जायची सोय राहिली नाही. लेक निवडून आली, वर अर्थमंत्री झाली, तर निदान दाढी तरी सुखाने व्हावी! साबण फासून म्हणतो कसा, "काका, विजेचं बिल निम्मं होणार होतं ना? नाहीतर आज तुमची निम्मीच करतो." दुकानभर हशा. वस्तरा गळ्याशी— बोलणार काय, कपाळ?

३ मार्च
लेकीला विचारलं. "बाबा, जेवू द्या."

५ मार्च
आज आपणहून बोलली. तिजोरीत खडखडाट. मिळकत जुन्या कर्जांच्या व्याजातच जाते. बिल निम्मं करणं राहिलं, उलट वाढवावं लागणार. पण अर्थसंकल्पाच्या भाषणात 'दरवाढ' म्हणायचं नाही, पक्षप्रमुखांची ताकीद. 'दरांचं सुसूत्रीकरण' म्हणायचं. जन्मभर भाषा शिकवली ती हे ऐकायला?

६ मार्च
खरं काम आज निघालं. तिला भाषणासाठी आमच्या चौथीतली नावाड्याची कविता हवी— वादळात उतारूंना धीर देणारा, काठ जवळ आला म्हणणारा. ती म्हणायची आणि पुढच्याच वाक्यात सुसूत्रीकरण! पुस्तक कधीच रद्दीत गेलं; कविता उरली ती माझ्या डोक्यात. गुरुजी ती म्हणताना खिडकीबाहेर बघत. आम्हीही बघायचो. बाहेर नुसतं मैदान, पण आम्हाला पाणी दिसायचं.

"नाही देणार," म्हटलं. "त्या नावाड्याने भर धारेत भाडं वाढवलं नव्हतं."

"कविता नसेल तर नुसतं सुसूत्रीकरण खपणार नाही, सरळ सांगावं लागेल, बाबा. सरळ सांगितलं तर मंत्रिपद जाईल. कळतंय का?"

"मग सांग सरळ. तुझा हात कोणी धरलाय?"

दार आपटून गेली. पन्नाशीची बाई!

८ मार्च
अबोला. चहा मेजावर ठेवून जाते, तोही गार.

९ मार्च
उद्या भाषण. काल रात्रभर ती खोलीत येरझारा घालत होती. इतक्या वर्षांची तिची वणवण डोळ्यांपुढे आली. कवितेची इभ्रत सांभाळणारा मी कोण? पद तिचं, हट्ट माझा. कडवं लिहून पहाटेच तिच्या पिशवीत टाकलं.

१० मार्च
दुपारीच घरी आली. भाषणात सरळ म्हणाली— दर वाढणार, दिलेला शब्द मी मोडते आहे. तासाभरात पक्षप्रमुखांनी राजीनामा घेतला.

"कडवं मिळालं होतं, बाबा. भाषणाच्या आधीच. पिशवीतच राहू दिलं. तुम्ही द्यायला नको होतं."

मी उठून तिच्यासाठी चहा टाकला.