ट्रंकेचं कुलूप

इबादान, नायजेरिया
१२ मार्च १९६३

तीर्थरूप बाबांस मनासेचा शालोम आणि नमस्कार.

माझी तब्येत छान आहे. टेलिव्हिजन केंद्रातल्या विजेच्या कामावर आता हात बसलाय. मासळीही मिळते, आईला सांगा. तिचा गुडघा कसा आहे?

बाबा, एक कबूल करायचंय. इथे अडेटोला म्हणून एक जुने नट आहेत. मास्तरकी सोडून तीस वर्षं लॉरीतून गावोगाव नाटकं केली, आता टेलिव्हिजनवरही दिसतात. परदेशी निघालेल्या मुलाच्या बापाचं काम बसवताना ते भेटेल त्याला विचारायचे, "निघताना तुझे वडील काय म्हणाले?" मी हसत सांगून टाकलं, की पनवेलच्या स्टँडवर तुम्ही तीनदा विचारलंत, "ट्रंकेला कुलूप लावलंस ना?"

रविवारी प्रयोगाला गेलो. अडेटोलांनी नाटकातल्या मुलाला तेच कुलपाचं विचारलं, लोक हसले. पुन्हा विचारलं, तेव्हा जास्तच हसले. तुमचं हसं मीच केलं, म्हणून मान वर करवेना. तिसऱ्यांदा विचारलं, तेव्हा कोणीच हसलं नाही. शेजारची बाई डोळे पुसत होती.

नाटकातल्या मुलाने बापापुढे लोटांगण घातलं. मी मात्र तुमच्यावर खेकसलो होतो, "लावलं म्हटलं ना!" तेवढं मी अडेटोलांना सांगितलंच नव्हतं.

धाकटी हदासा अभ्यास करते ना? तुम्ही औषध चुकवू नका.

उत्तर लिहाल तेव्हा ते कुलपाचं पुन्हा एकदा विचारा, बाबा. या वेळी नीट सांगेन.

तुमचा,
मनासे