किमान दोघांसाठी

सोमवार, ५ सप्टेंबर

प्रिय शुद्धिपत्र,
स.न.वि.वि.

फोनवर मी नुसतं हं-हं करतो ही तुझी तक्रार मान्य आहे, म्हणून हे पत्र सविस्तर लिहितोय. दवाखान्याच्या नव्या इमारतीतल्या चारपैकी दोन लिफ्ट चालू झाल्या. तिसरी मात्र लाडावलेली आहे. पाचव्या मजल्यावर आली की दार उघडायचं की नाही याचा विचार करत बसते. तिच्यापायी मला इथे आणखी दोन महिने काढावे लागतील असं दिसतंय.

काल रविवार होता. खोलीत बसून पाव आणि डब्यातले मासे खायचा अगदी वीट आला होता. बंदराच्या धक्क्याला लागून एक स्पॅनिश उपाहारगृह आहे, कामावर जाता-येता दिसायचं. काल दुपारी तिथे गेलो. पाण्यावर लाकडी फळ्यांचा चौथरा काढलाय आणि त्यावर टेबलं मांडली आहेत. आधी छोट्या छोट्या बशा येतात, त्यांना तापास म्हणतात. एकीत ऑलिव्ह, एकीत बटाट्याचं जाडजूड आमलेट, एकीत लसणात परतलेली अळंबी. प्रत्येक बशीत चार घास, की पुढची बशी.

मग पाएया आला. रुंद, उथळ, दोन कानांचं लोखंडी भांडं, त्यात केशरी भात आणि वर शिंपले, कोळंबी, माकूळ, म्हणजे स्क्विड. हा भात एकदा रटरटायला लागला की ढवळायचा नाही असा त्यांचा नियम आहे. त्यामुळे तळाला छान खरवड धरते आणि लोक तिच्यासाठीच येतात. भांडं मध्ये ठेवतात आणि ज्याने त्याने आपल्या बाजूने आत आत खात जायचं. मी माकूळ खाल्लं. हो, मीच. समोर पाणी, नांगरलेल्या होड्या, आणि समोरच स्वयंपाकघराचं दार, त्यात उभा राहून आचारी प्रत्येक टेबलाकडे संशयाने बघत होता. फार छान दुपार गेली.

तुला छापील कागद आवडतात म्हणून त्यांचं पदार्थांचं कार्ड मागून घेतलं, सोबत पाठवतोय. स्वतःला जप. लोभात काटछाट नसावी.

तुझा,
लिफ्टवाला

*

शुक्रवार, ९ सप्टेंबर

प्रिय लिफ्टवाले,
स.न.वि.वि.

पत्र पोचलं. छापखान्यात सध्या शाळेच्या भूगोलाची मुद्रितं तपासतेय. काल दोन नद्या डोंगरावर चढत होत्या, त्यांना खाली उतरवलं. त्यामुळे नजर तयार होती, हे आधीच सांगून ठेवते.

कार्ड वाचलं. पाएयाच्या नावाखाली मुंगीच्या पावलाएवढ्या अक्षरात एक ओळ आहे. तू ती वाचली नसशील, कारण तू औषधाच्या बाटलीवरचंसुद्धा काही वाचत नाहीस. ओळ अशी आहे की हा पदार्थ किमान दोघांसाठीच केला जातो. एकट्याला मिळत नाही.

मग मी तुझं पत्र पुन्हा काढलं. ज्याने त्याने आपल्या बाजूने खायचं म्हणतोस. एकट्या माणसाला बाजू कुठली? समोर पाणी होतं म्हणतोस आणि समोरच स्वयंपाकघराचं दारही. पाण्याकडे तोंड केलं की दार पाठीशी येतं, म्हणजे तू मध्येच खुर्ची बदललीस. कुणाच्या तरी डोळ्यांवर ऊन येत असणार आणि तू सभ्यपणे उठला असशील. आणि माकूळ. लग्नाला नऊ वर्षं झाली, मी तुझ्या किती विनवण्या केल्या, एकदा जिभेला तरी लाव म्हणून. तू ताट ढकललंस. या माणसाने मात्र एका दुपारी तुला खायला लावलं.

तू खोटं लिहिलं नाहीस, ते तुला जमतही नाही. फक्त एक माणूस गाळलास. गाळलेला मजकूर शोधणं हेच माझं पोट भरायचं काम आहे.

मी शांत आहे असं समजू नकोस. तळपायाची आग मस्तकात गेली आहे. काल रात्रीच्या भाजीत मीठ दोनदा पडलं आणि मी ती तशीच खाल्ली. ती कोण आहे एवढंच कळव. दिसायला कशी आहे ते कळवू नकोस. नाही, तेही कळव.

लोभ होता, सध्या तपासणीसाठी ठेवलाय.

चिमी

*

मंगळवार, १३ सप्टेंबर

प्रिय चिमे,
स.न.वि.वि.

पत्र वाचून हातातला पाना खाली पडला. सुदैवाने खाली कुणी नव्हतं.

ती ताई होती. तुझी ताई.

ती दोन गावं बदलून आता इथेच आहे हे तुला माहीत नाही, मलाही नव्हतं. मी लिफ्ट बसवतोय त्याच दवाखान्यात ती क्ष-किरण विभागात आहे. महिन्यापूर्वी तिसऱ्या मजल्यावर दार उघडलं आणि समोर ती, हातात कुणाच्या तरी गुडघ्याचं चित्र. मला बघून जिन्याने निघून गेली. मी नंतर तीनदा जेवायला चल म्हणालो, तिने तीनदा नाही म्हटलं. चौथ्यांदा आली, ती तुला कळवायचं नाही या अटीवर. मी शब्द दिला आणि तुझ्या एका पत्रात मोडला. कसला शब्द आणि कसला मी.

केस पिकलेत तिचे, पण हसते तशीच. तुझ्याबद्दल विचारत होती. माझ्या मनात होतं की हळूहळू तुमचं दोघींचं बोलणं सुरू करून द्यावं, पण आता वेळ राहिलेला नाही. तिने बदली मागून घेतली आहे. महिनाअखेर ती आणखी लांब, वरच्या डोंगराळ गावी जाणार आहे. मी कारण विचारलं तर म्हणाली, हवा मानवत नाही. मला तर इथली हवा उत्तम वाटते. चिमे, या वेळी ती गेली तर पत्ता ठेवून जाणार नाही असं मला वाटतं. तिचा इथला पत्ता मागे लिहितोय. माझ्यावर रागाव, पण तिला लिही.

लोभ तपासून परत पाठव.

तुझा,
लिफ्टवाला

*

शनिवार, १७ सप्टेंबर

ती. ताईस,
सा.न.वि.वि.

सहा वर्षांनी हे चार शब्द लिहितेय. लिहायचं नाही असं ठरवलं होतं, पण त्याचं पत्र आल्यापासून झोप नाही.

कुणी अनोळखी बाई असती तर मी दोन दिवस रडले असते, मग तिकीट काढून आले असते आणि तमाशा केला असता. तू आहेस म्हटल्यावर मला तमाशाही करता येत नाही. मला सरळ लिहू दे. मला तुझा मत्सर वाटतो. आजचा नाही, पहिल्यापासूनचा. तुझ्या जुन्या दवाखान्यातली लिफ्ट सारखी अडकायची म्हणून तो तिथे यायचा, तुझ्याबरोबर चहा प्यायचा, आणि एका संध्याकाळी आपल्या दाराचं कुलूप बिघडलं म्हणून तू त्याला घरी आणलंस. दार मी उघडलं. पण त्याआधीचे अकरा महिने तुझ्याकडे आहेत. त्या अकरा महिन्यांत तो कशावर हसायचा, कुठली टोपी घालायचा, मला कधीच कळणार नाही. अजूनही तो एखादी गोष्ट सांगताना मध्येच म्हणतो की ही ताईला माहीत आहे, आणि मी ताटावरून उठते.

आई गेल्यावर तिचं कपाट आवरताना मी तुला जे बोलले, ते आठवलं की आजही कानशिलं तापतात. तो खोकी घेऊन आला, तू काहीतरी म्हणालीस, तुम्ही दोघं हसलात, आणि मी म्हणाले की तुझं स्वतःचं काही नाही म्हणून तू माझ्या नवऱ्यावर डोळा ठेवून असतेस. इतकं घाण मी आयुष्यात कुणाला बोलले नाही. तू हातातली चादर नीट चार घड्या करून ठेवलीस आणि निघून गेलीस. तू एक शब्द जरी उलट बोलली असतीस, तर मी तिथेच तुझे पाय धरले असते.

माफी मागायला हे पत्र लिहायला बसले होते, पण त्याने तुझ्यासाठी माकूळ खाल्लं हे मला अजून गिळवत नाही. अशी मी आहे. आता तू कुठे निघालीस आणि का? माझ्यामुळे असेल तर तसं लिही.

लोभ मागायला तोंड नाही, तरी मागते.

तुझी,
चिमी

*

गुरुवार, २२ सप्टेंबर

चि. चिमीस,
अ.उ.आ.

तुझं अक्षर पाकिटावर बघून विभागाचं दार लावून घेतलं आणि बाहेर यंत्र बंद असल्याची पाटी लावली. सहा माणसं हाडं धरून ताटकळली.

आधी माकुळाचं. मी त्याला खायला लावलं नाही. तो बोलण्याच्या नादात होता, कोळंबी समजून तोंडात टाकलं आणि मग शरमेने गिळलं. आपण माकूळ खाल्लं ही फुशारकी त्याने घरी जाऊन ठरवली असेल. खुर्ची बदलली हे खरं, ऊन माझ्याच डोळ्यांवर होतं. तुझी नजर आईवर गेली आहे, तिच्यापुढेही काही लपायचं नाही.

आता तू विचारलंस ते. तू माफी मागू नकोस. त्या दुपारी तू बोललीस ते खोटं असतं, तर मी तुझ्याशी कडाकडा भांडले असते, घर डोक्यावर घेतलं असतं, आणि संध्याकाळी आपण दोघी एकाच ताटात जेवलो असतो. ते खरं होतं. म्हणून माझ्या तोंडून शब्द फुटला नाही. ते अकरा महिने माझे होते असं मला वाटत होतं. त्याला तसं काही वाटत नव्हतं हे मला तू दार उघडलंस त्या क्षणी दिसलं, कारण त्याने कुलपाकडे बघितलंच नाही. मी त्याला कधी एका अक्षराने कळू दिलं नाही. तीन मजल्यांवरून लिफ्टच्या तारेची कुरकुर त्याला ऐकू येते, माणसांचं मात्र काही म्हणता काही कळत नाही. ते तसंच राहू दे. त्याला सांगू नकोस, एवढं मागते.

त्या रविवारी मी का गेले, ते मला नीट सांगता येणार नाही. गेले खरी. चिमे, पहिल्या बशीपासून शेवटच्या घासापर्यंत त्याने तुझं पुराण लावलं होतं. तू रस्त्यावरच्या पाट्यांतल्या चुका खडूने दुरुस्त करतेस, तू झोपेत स्वल्पविराम म्हणतेस. पाएया आल्यावर त्याने भांड्यातल्या मोठ्या मोठ्या कोळंब्या वेचून एका कडेला सारून ठेवल्या. कुणासाठी ते त्याच्याही लक्षात आलं नव्हतं. बऱ्याच वेळाने आलं, तेव्हा बोलता बोलता पाण्याकडे बघत बसला. मी त्यांना हात लावला नाही. त्या भांड्यातून तशाच परत गेल्या. तुला माझा मत्सर वाटतो म्हणतेस. त्या पाच-सहा कोळंब्यांचा मला इतका मत्सर वाटला की त्या दुपारी काय खाल्लं त्याची चव मला सांगता येणार नाही.

म्हणून बदली मागितली. तो इथे आणखी दोन महिने आहे आणि मी काही दगडाची नाही. तुझ्या संसारात पाऊल टाकायचं नाही हे मी ठरवून टाकलंय, पण ठरवलेलं रोज सकाळी लिफ्टपाशी नव्याने ठरवावं लागतं. शुक्रवारी, तीस तारखेला निघतेय. तिकडचा पत्ता देणार नव्हते. तुझं पत्र आल्यावर तेवढं मन घट्ट राहिलेलं नाही, तरी सध्या देत नाही.

माझे आशीर्वाद तुला कायमचे आहेत, त्यांना बदली नाही.

तुझी,
ताई

*

सोमवार, २६ सप्टेंबर

ती. ताईस,
सा.न.वि.वि.

तुझं पत्र तीनदा वाचलं. सवयीने हातात पेन्सिल होती. एकाही ओळीवर खूण करावीशी वाटली नाही.

मी खरी ठरले याचा आनंद व्हायला हवा होता. तो झाला नाही. घरभर फिरले, त्याचा एक शर्ट दिसला, तो आधी फेकला आणि मग उचलून त्याची घडी घातली. तुझा इतका राग आला की विचारू नकोस. मग वाटलं, सहा वर्षं ही बाई एक गोष्ट एकटीने सांभाळत गावोगाव फिरली, ती मला दुखू नये म्हणून, आणि मी इकडे चव्हाट्यावर मांडल्यासारखा माझा मत्सर सगळ्या नातेवाइकांत मिरवत होते. मावशीला, आत्याला, शेजारणीलासुद्धा सांगून झालं होतं की ताई कशी आहे. माझ्या जागी तू असतीस तर कुणालाच काही कळलं नसतं. आता मला त्याचाही मत्सर वाटतो.

त्याला मी काही सांगितलेलं नाही आणि सांगणार नाही. मी येतेय एवढंच कळवलंय आणि दिवस चुकीचा कळवलाय. बुधवारी दुपारच्या गाडीने येतेय, आधी तुझ्याकडे. त्याच्याकडे संध्याकाळी जाऊ, दोघी मिळून.

बदलीचा अर्ज मागे घे. मोठ्या बहिणीला असं हुकमाने सांगू नये, पण विनंती केली तर तू गोड शब्दात नाही म्हणशील हे मला माहीत आहे. मी एका दिवसात चांगली होणार नाही, ताई. तू त्याच्याकडे बघितलंस तर मला दिसेल. त्याने तुझ्या पेल्यात पाणी ओतलं तरी मी जळेन. कधीतरी पुन्हा जिभेवरचा ताबा सुटेल आणि मी नको ते बोलेन. ते माझं दुखणं आहे, मी सोसेन. तेव्हा तू उठून जाऊ नकोस. तिथेच बस आणि माझ्याशी भांड.

बुधवारपर्यंत तरी थांब.

तुझी,
चिमी