पक्षाचे की पक्ष्याचे?

३ मार्च
आजपासून रोजनिशी. कोणी वाचावी म्हणून नाही. तरी अक्षर सुवाच्य ठेवायचे, न जाणो.

ग्रंथ दोन. एक राजकीय पक्षांवर, दुसरा प्राचीन इजिप्तच्या देवांवर. एकोणीस वर्षांचे काम, त्यातली शेवटची अकरा जेवणाच्या टेबलावर. हिच्याकडून टेबल दोन आठवड्यांसाठी म्हणून घेतले होते. तेव्हापासून घरात सगळे मांडीवर ट्रे घेऊन जेवतात. लेक-जावई २८ला येणार. ही म्हणाली, त्या दिवशी तरी चौघे टेबलावर जेवू या. शब्द दिला. तिने लेखी मागितला. तोही दिला.

५ मार्च, सकाळी १०
इजिप्तची प्रुफे आली. डोके फिरले. ससाण्याचे तोंड असलेल्या देवाबद्दल मी लिहिले होते, पक्ष्याचे डोके, माणसाचे धड. डीटीपीवाल्या बाईंनी केले, पक्षाचे डोके, माणसाचे धड. पानोपानी! पक्षाला कुठे डोके असते? माझा पहिला ग्रंथ त्यावरच आहे.

सकाळी ११.३०
बाईंना कडक चिठ्ठी. 'पक्षा' दिसेल तिथे 'पक्ष्या' करावे. आधी इजिप्तपुरतेच लिहिले होते. मग वाटले, शुद्धलेखन काय माणूस बघून बदलते? म्हणून पुढे जोडले: दोन्ही ग्रंथांत. अपवाद नाही. शंका विचारू नयेत. खाली लपेटीदार सही. बरे वाटले.

६ मार्च
बाईंचा फोन. सर, एक शंका आहे म्हणाल्या. म्हटले, चिठ्ठी पुन्हा वाचा. ठेवला.

७ मार्च
पुन्हा फोन. आता बऱ्याच शंका आहेत म्हणे. आवाज चढवला. ही आतून म्हणाली, अहो, ऐकून तर घ्या त्यांचे. हिला प्रकाशन व्यवसायातले काही कळत नाही.

९ मार्च
संकल्प: बाईंचा फोन घ्यायचा नाही. दुपारी चार वेळा वाजला. घेतला नाही. माझा मनोनिग्रह लोकांना माहीत नाही.

१९ मार्च
ग्रंथ आले! जाड, देखणे. पाठीवर माझे नाव सोनेरी. टेबलावरचे कागदांचे बत्तीस गठ्ठे पलंगाखाली गेले. हिने टेबल तीनदा पुसले, मग त्यावर दोन्ही हात ठेवून नुसती बसून राहिली. चारही ट्रे शेजारणीला देऊन टाकले. जरा घाई झाली असे वाटले, पण बोललो नाही.

आत उघडून पाहिले नाही. स्वतःचेच पुस्तक वाचत बसणारा लेखक मला हलका वाटतो.

२२ मार्च
पुस्तकांच्या दुकानात चक्कर. इजिप्त जागचा हललेला नाही. पण पक्षांच्या सात प्रती संपल्या! दुकानदाराने तो प्राणी आणि निसर्ग या कप्प्यात ठेवला आहे. विचारले तर म्हणाला, चाळून पाहिला साहेब, तिथेच शोभतो. राजकारण्यांबद्दल त्याचे मत माझ्यासारखेच दिसते. हुशार माणूस.

संध्याकाळी कॉलेजात प्रस्तावनासम्राट भेटले. आमच्याच विभागातले. दिसेल त्याच्या पुस्तकाला प्रस्तावना लिहितात. मी मागितली नाही, तेव्हापासून पोटात दुखते आहे. म्हणाले, तुमचा ग्रंथ फारच वर उडाला हो! आणि हसत सुटले. जळतात.

२५ मार्च
वाचकाचे पहिले पत्र! पाठवणार, पक्षीमित्र मंडळ. 'पक्षमित्र' हवे, पण कार्यकर्त्यांकडून शुद्धलेखनाची काय अपेक्षा ठेवणार? ग्रंथ त्यांना नवीनच वाटला म्हणे. विचारतात, पक्ष्यांतर साधारण कोणत्या ऋतूत होते आणि कुठे उभे राहिले तर नीट दिसेल?

लगेच उत्तर धाडले. निवडणुकीच्या तोंडावर. पुढाऱ्याच्या बंगल्याबाहेर. त्यांचे 'पक्ष्यांतर' लाल शाईने दुरुस्त करून पत्रही परत पाठवले. ऋतू विचारण्यात मार्मिक विनोद आहे. हिला वाचून दाखवले. ही म्हणाली, तुम्ही एकदा आपले पुस्तक उघडून बघा. म्हटले, बघू.

२८ मार्च
कसे लिहू.

लेक-जावई आले. अकरा वर्षांनी चौघे टेबलाशी. हिने नवा टेबलक्लॉथ काढला होता, सगळ्यांना बळेच वाढत होती. मी म्हणालो, जावईबापू, ग्रंथातले एखादे पान होऊन जाऊ दे. मीच म्हणालो. त्याने मधलेच उघडले आणि खणखणीत आवाजात सुरू केले: पक्ष्याध्यक्षांनी पक्ष्यातल्या असंतुष्टांना पक्ष्याबाहेर काढले, त्यामुळे पक्ष्याला मोठे खिंडार पडले.

जावयाला ठसका लागला. लेकीने तोंडावर रुमाल धरला, पण खांदे हलत होते. मी पुस्तक हिसकावले. चारशे बारा पाने. विरोधी पक्ष्याची टीका. पक्ष्यांची युती. एका पुढाऱ्याला पक्षाघात झाल्याचे लिहिले होते, तोही पक्ष्याघात. विभक्ती लागली की पक्षाचा पक्षी झालाच.

ताटावरून उठलो. मग कोणीच धड जेवले नाही. बाथरूममध्ये नळ सोडून रडलो. एकोणीस वर्षे! बाहेर आलो तर लेक-जावई निघून गेलेले आणि ही एकटीच टेबलाशी, चार ताटांसमोर बसलेली. मी म्हणालो, बघितलेस काय केले त्या बाईने? ती ताटे उचलू लागली.

२९ मार्च
संकल्प: बाईंना कामावरून काढायला लावायचे.

प्रकाशकाकडे गेलो, टेबलावर मूठ आपटली. त्याने शांतपणे फाइल पुढे सरकवली. आत चिठ्ठी. दोन्ही ग्रंथांत. अपवाद नाही. मी म्हणालो, हे अक्षर माझे नाही. त्याने सहीवर बोट ठेवले. मी म्हणालो, अक्षर माझे आहे, आशय माझा नाही. त्याने पाणी मागवले.

निघताना बाई समोर आल्या. रागावलेल्या नव्हत्या, त्यामुळे मलाच जास्त राग आला. हातात एक वही दिली. म्हणाल्या, फोनवर विचारायच्या त्या शंका यात लिहून ठेवल्यात, सर. दोन्ही पुस्तके दोनदा वाचली मी.

दोनदा. मीही सलग एकदा वाचलेली नाहीत.

३० मार्च, दुपारी
वही वाचली. एकोणसत्तर शंका. पक्ष्याची फक्त पहिली. बाकीच्या बारीकसारीक असतील म्हटले, तर शेवटची अशी: सर, पान १२ वर तुम्ही म्हणता, माणसे सोडून गेली की पक्ष मरतो. पान २०३ वर म्हणता, पक्ष कधीच मरत नाही, नुसते नाव बदलतो. इजिप्तच्या देवांबद्दलही दोन ठिकाणी असेच. यातले खरे कोणते ठेवू?

दोन तास बसलो. पान १२ पटते. २०३ही पटते. सगळा ग्रंथ यावरच उभा आहे आणि मला माहीत नाही. खरेच माहीत नाही.

संध्याकाळी ५
बाईंना फोन केला. म्हटले, एक शंका आहे. त्या म्हणाल्या, लिहून पाठवा, सर.

१ एप्रिल
दुसरी आवृत्ती हाती घेतली आहे. सुधारित. पहिलीतले दोष प्रकाशकाचे होते, ते आता राहणार नाहीत. पक्षीमित्र मंडळाने रविवारी पहाटे दुर्बीण घेऊन बोलावले आहे. जाणार नाही. दुर्बीण कोणाकडे मिळेल ते मात्र विचारून ठेवले.

पलंगाखालून गठ्ठे काढून टेबलावर मांडले. बत्तीसच्या बत्तीस, वर बाईंची वही. ही दारात उभी राहून बघत होती. म्हणाली, किती दिवस? म्हटले, दोनच आठवडे.

तिने चपला घातल्या आणि शेजारणीकडे ट्रे परत मागायला गेली. येताना एकच घेऊन आली. त्यावर तिचे ताट ठेवून खिडकीशी जेवली. माझा आणायला विसरली असावी.