माइक चालू होता

दादा, परवा तुम्ही आमच्या रावेतच्या हॉलमध्ये, टीव्हीवर भाषण करत होतात. कामगार चळवळीवर माहितीपट करणारी एक मुलगी तुमची जुनी दृश्यं घेऊन आली होती. काही बातमीवाल्यांची, काही कुणा हौशी कॅमेरेवाल्याची. सगळीकडे तुम्ही टेम्पोवर उभे, मूठ वर, गळ्याच्या शिरा ताणलेल्या, आणि खाली पहिली शिफ्ट सुटलेली माणसं. जगाला ठाऊक आहेत ते हेच तुम्ही. आम्हाला काळेवाडीच्या घरात वडील म्हणून मिळायचे ते घसा बसलेले. गेटसभेच्या दिवशी आवाज कंपनीच्या दारात संपवून यायचात आणि मिठाच्या गुळण्या करत आमच्याशी खुणांनी बोलायचात. आई वैतागायची, "गेटाशीच लगीन लावायचं व्हतं की. तिथं बोलता, हितं मुके." तुम्ही नुसते हसायचात. तुम्ही गेलात आणि हळूहळू तुमचा घरातला आवाज मला आठवेनासा झाला. हे मी आईलाही सांगितलं नाही, लाज वाटायची. त्या मुलीला घरी बोलावलं ते त्या आवाजासाठीच.

बराच वेळ घोषणाच ऐकल्या. मग ती म्हणाली, "मॅडम, पुढचं नुसतं माइक टेस्टिंग आहे, ते उडवणार आहे." पडद्यावर तुम्ही टेम्पोवर, हातात माइक, आणि खाली दोन वेण्यांची मी, तुमचा डबा घेऊन. तुम्ही वाकता. माइक चालू आहे हे विसरून अगदी हळू विचारता, "जेवलीस का गं, बाय?" कर्ण्यातून ते अख्ख्या गेटाला ऐकू जातं. सगळी माणसं हसतात. कुणीतरी म्हणतं, "सांग की गं, दादा इचारत्यात." मी डबा टेम्पोच्या कडेला ठेवते आणि पळत सुटते. त्यानंतर कितीतरी दिवस मी तुमच्यावर फुगून होते. परवा मात्र तेवढाच तुकडा पुन्हा पुन्हा लावायला सांगितला, आणि ती बिचारी चहा गार होईपर्यंत लावत राहिली. असाच होता तुमचा आवाज, थोडा घोगरा, "बाय" म्हणताना लांबणारा. मी तिच्यासमोरच रडले.

तो तुकडा उडवू नकोस, असं तिला सांगितलंय. मी पळाल्यावरही कॅमेरा तुमच्यावरच राहतो. माणसं हसतायत आणि तुम्ही मी गेले त्या बाजूला बघत, उत्तराची वाट बघत उभे. मग घसा खाकरून भाषणाला लागता. तुम्ही असे थांबला होतात, हे मला इतकी वर्षं माहीतच नव्हतं. हे पत्र कुठे टाकायचं नाहीये, म्हणून सांगते. नव्हते जेवले, दादा. आईने डब्यात दोघांचं घातलं होतं. तुमच्याबरोबर बसून खायचं, म्हणून उपाशीच आले होते.