तू साखर घेतेस?

प्रिय सोलेन,

आधीच्या पत्रांना तू उत्तर दिलं नाहीस. आपलं काही उरलंय की नाही, एवढंच कळायचं राहिलंय. म्हणून पुन्हा लिहितोय.

प्राध्यापकांशी भांडून कायद्याचं शिक्षण अर्धवट टाकलं, नाँत शहर सोडलं, तेव्हा बाबा म्हणाले होते, "नट होणार? आरसा बघितलास का कधी?" इथे मार्सेयला त्याच तोंडाला काम मिळालंय. टीव्हीवरच्या एका पोलिसी मालिकेत आधी मी प्रेत होतो, बंदरात सापडलेलं. पुढे पुन्हा प्रेतच, फक्त मिशा लावून. एका सिनेमात माझी पाठ आहे. बरी दिसते म्हणतात.

मग एक वाक्य मिळालं. त्याच मालिकेत मी कॅफेतला वेटर, नायिका ओदीलबाई पोलीस अधिकारी. कप ठेवायचा आणि विचारायचं, "तुम्ही साखर घेता?" झालं काम. पण कॅमेरा सुरू झाला, बाईंनी केस कानामागे सारले, अगदी तू सारतेस तसे, आणि माझ्या तोंडून गेलं, "तू साखर घेतेस?"

आमचा दिग्दर्शक रेजिस कडाडला, "गाढवा, ती पोलीस अधिकारी आहे, तुझी शेजारीण नव्हे." माझंही डोकं फिरलं, एप्रन त्याच्या अंगावर फेकणार होतो. तेवढ्यात ओदीलबाई कॉफी ढवळत म्हणाल्या, "राहू दे रे रेजिस. वेटर मला तू म्हणतोय, म्हणजे आमचं आधी काहीतरी होतं." लेखकांनी ते उचलून धरलं. आता मी तिचा जुना प्रियकर आहे आणि चक्क जिवंत आहे. बाबांचा फोन आला होता: "या वेळी बुडू नकोस म्हणजे झालं." म्हणजे बघतात तर.

शुक्रवारी आमच्या ताटातुटीचा प्रसंग आहे. त्यात मी तिला परक्यासारखं 'तुम्ही' म्हणायचं. आजवरचं माझं सगळ्यात मोठं काम, आणि तालमीत तो शब्दच फुटत नाही. रेजिस म्हणतो, "नको तेव्हा तू म्हणालास, आता तुम्ही म्हणायला जीभ झडली का?" त्याला काय सांगू? ईस्टरला तुझ्या आईबाबांसमोर तू मला विचारलंस, "तुम्ही बरे आहात ना?" तेव्हापासून तो शब्द माझ्या घशात अडकलाय. शुक्रवारच्या आत एक ओळ पाठव. हवा-पाण्याचं लिहिलंस तरी चालेल, मी फक्त क्रियापद बघेन. 'तू' असेल, तर प्रसंग बिघडला तरी बिघडो. 'तुम्ही' असेल, तर ते कसं म्हणायचं, हे तुझ्याकडूनच शिकेन.

तुझाच,
बास्तियाँ