वार चुकलेली बहीण

प्रिय माघ्या,

एकाच घरात राहून पत्र लिहितेय म्हणून हसशील. हस. तोंडाने सांगायला गेले की तू थट्टा सुरू करतोस, मलाही हसू येतं आणि सांगायचं राहून जातं. म्हणून वेधशाळेच्या कोठीवर दुपारच्या पाळीत लिहायला बसलेय. समोर यंत्र ताऱ्याचे ठोके टकटक वाजवतंय. आपल्या साखरशेतची माणसं त्या ताऱ्याला ठोक्या म्हणतात. साहेबांच्या पल्सारपेक्षा मला तेच बरं वाटतं. सव्वा सेकंदाला एक ठोका, न चुकता. इथलं जग आणि पल्याडचं जग यांत ना वार जुळतात ना तारखा. जुळतात ते फक्त त्याचे ठोके. दर चाळीस दिवसांनी इथे एक बाई आकडे वाचते, पल्याडच्या याच कोठीत दुसरी वाचते आणि कागदी पट्टीवर दोन्हीकडची वेळ लावली जाते; हीच जुळणी. पल्याडचे वार दोन दिवस मागे चालतात. इथे शुक्रवार असला की तिथे बुधवार.

आता आपल्याकडे पोर ज्या वारी जन्मलं त्या वाराचं नाव. शुक्रवारची म्हणून सुकी. तू माघातला, आणि दोन दिवसांनी काही महिना बदलत नाही, म्हणून तू दोन्हीकडे माघ्याच. पण पल्याडच्या आईला त्याच ठोक्याला जी मुलगी झाली ती बुधवारी झाली. तिचं नाव बुधी ठेवलं.

श्रावणात मोखाड्याला मी रिकाम्या बाजारात पिशवी घेऊन उभी होते, आठवतं? तू जीपमधून उतरलास आणि पोट धरून हसलास. ‘सुके, बाजार परवाच उठला ना गं, कोनाची वाट बघतंस?’ मग भजी घेतलीस, अर्धी मला दिलीस. मी ती तशीच कागदात बांधून ठेवली. तू जेवताना मी टक लावून बघत बसते म्हणून चिडतोस ना? माझ्याकडे, पल्याड, तू तीन वर्षांपूर्वी गेलास रे. नाचणीच्या वावरात पान लागलं, साप चावला, आणि जव्हारच्या वाटेवर माझ्या मांडीवर डोकं ठेवून गेलास. शेवटी पाणी मागितलंस आणि बाटली रिकामी होती. तू इथे भाकर मोडताना दिसलास की मला रडू येतं, दुसरं काही नाही.

मी सुकी नाही, माघ्या. तुला कुठेतरी कळलंच असेल. आईला तर पहिल्याच दिवशी कळलं. पाच महिने झाले, तिने मला एकदाही नावाने हाक मारलेली नाही. ताट पुढे सरकवते आणि माझ्या पायांकडे बघते. पाय सरळ आहेत माझे, मी रोज तपासते.

सुकीचा यात काडीचा दोष नाही. पट्टीवर आकड्यांच्या कडेला आम्ही दोघी चार शब्द लिहायचो, ते पलीकडच्या पट्टीवर उमटायचे. मी तुझं लिहिलं, आणि तिला दया आली. एका जुळणीपुरती ये, भावाला बघून जा, असं तिनेच लिहिलं. जुळणी तासभर चालते. दोघी आपापल्या खुर्चीत बसलेल्या असताना दोन्ही कोठ्यांची दारं सलग शंभर ठोके बंद राहिली, तर अदलाबदल होते. तशी मी आले, आणि तो तास संपेपर्यंत परतले नाही. त्यानंतर तीन जुळण्या झाल्या, आणि तिन्ही वेळा मी दार उघडं ठेवलं. पहिल्या वेळी पट्टीवर आलं, आईला सांभाळ. दुसऱ्या वेळी, दार लाव. तिसऱ्या वेळी पट्टी संपेपर्यंत दार लाव, दार लाव, दार लाव, आणि मध्येच एकदा तुझं नाव. ती पट्टी मी चुलीत घातली. माझी मलाच भीती वाटते आता. तुझी बहीण तिकडे माझ्या घरात, भाऊ नसलेल्या घरात बसलीय, आणि मी तिच्या गोधडीत निजते.

परवा शुक्रवारी दुपारी पुन्हा जुळणी आहे. खुर्चीत बसणं मला जमेल. दार लावायला हात उठत नाही, तीनदा बघितलं. म्हणून हे पत्र. तू ये, बाहेरून कडी घाल आणि शंभर ठोके मोज. यंत्राचा आवाज बाहेर येतो. मग आतून कोणी हाक मारेल. नाव विचारू नकोस, सुकी म्हणायला मीही शिकलेय. आज वार कोणता, एवढंच विचार. पाच महिने तिकडे काढलेल्या माणसाच्या तोंडून बुधवारच येईल. तसं आलं तर कडी काढ, ती तुझी बहीण. मला मात्र तुमचे वार पाठ झालेत. शुक्रवार आलं, तर ती मीच; मी कितीही रडले, पाणी जरी मागितलं, तरी उघडू नकोस. पुन्हा एकपासून मोजायला लाग.

तुझीच,
बुधी