रुजू होण्याची मुदत

प्रिय बारक्या,

अक्षर ओळखलं असशीलच. दोन वर्षांत तू मला तोंड दाखवलं नाहीस, तेव्हा मोठ्या भावानेच कमीपणा घ्यायचा ठरवलं.

तुझ्या बाजूने निकाल लागला त्या दिवशी आमच्या ऑफिसात कोणी माझ्याकडे धड बघत नव्हतं. पाणी तपासणारा एक साधा माणूस, घाण पाण्याच्या ‘पिण्यास योग्य’ दाखल्यावर सही करत नाही म्हणून बडतर्फ होतो आणि सात वर्षं भांडून खात्याला नमवतो. आणि त्याच खात्याच्या विधी शाखेत त्याचा सख्खा भाऊ हेडक्लार्क. शिपायापासून सगळे तुझे गोडवे गायचे. खरं सांगतो, मला तुझा राग आला. लहानपणापासून खरेपणाचा मक्ता तुझ्याकडे आणि निस्तरायचं माझ्याकडे.

कोर्टाने कामावर परत घ्या म्हटलं, आम्ही घेतलं नाही. तू अवमान याचिका केलीस. आम्ही मुदत मागितली, मग आणखी मुदत, मग फाइल सापडत नाही म्हणून मुदत. फाइल माझ्याच टेबलाच्या खालच्या खणात होती. तू सरकारशी भांडत होतास असं तुला वाटत असेल. अरे, एक माणूस खण उघडत नव्हता, एवढंच. मग गेल्या महिन्यात न्यायाधीशबाई चिडल्या. पुढच्या तारखेपर्यंत आदेश पाळा, नाहीतर सचिवांना तुरुंगात पाठवते म्हणाल्या. साहेबांच्या तोंडचं पाणी पळालं. मी म्हटलं, साहेब, पाळू या की.

तुला परत घेण्याचा आदेश मीच लिहिला. शेवटी एक ओळ घातली: आदेश मिळाल्यापासून दहा दिवसांत रुजू न झाल्यास नोकरीची इच्छा नाही असे समजण्यात येईल. पत्ता तुझ्या सेवापुस्तकातला, म्हणजे माझ्या घरचा. तो बदलून घ्यायचं एवढ्या हुशार माणसाला कधी सुचलं नाही. पोस्टमन आला, पोचपावतीवर मी सही केली. आदेश या पत्रासोबत आहे. आज अकरावा दिवस.

साहेबांनी पाठ थोपटली आणि पावती कोर्टात दाखल झाली. काल आमच्या वकिलाने विचारलं, ही सही कोणाची? सोमवारी बाई हेच विचारणार. साहेबांनी हात झटकले. म्हणाले, हेडक्लार्कने परस्पर केलं.

म्हणून हे पत्र. सोबत तुझ्या नावाने लिहिलेला आणखी एक कागद आहे: आदेश भावाने मला त्याच दिवशी दिला, मी स्वतःहून गेलो नाही. खाली सही करून रविवारपर्यंत पाठव. खोट्या कागदावर तू सही करत नाहीस हे मला ठाऊक आहे, म्हणून आईचं सांगतो. तिचं अंथरूण आता सुटत नाही. तिला भरवतो मी, कुशीवर वळवतो मी. मी आत गेलो तर तिला आश्रमात टाकावं लागेल. तुझ्या तिसऱ्या मजल्यावरच्या खोलीत तिला कोण चढवणार? आश्रमाचा फॉर्म भरून ठेवलाय. ‘दाखल करणारा’ या रकान्यात तुझं नाव आहे. धाकटा तुला तिकडे पाठवतोय, असं तिला कालच सांगितलं. तेव्हापासून ती जेवलेली नाही.

तुझाच,
दादा